हायकोर्टातली क्रिमिनल रिट मागे घेण्याआधी ती काय थोपवून धरतेय ते पाहा

रावेर तालुक्यातल्या एका तरुणाने विचारलं आहे. त्याचा प्रश्न थोडक्यात असा: २०२३ मध्ये केळीच्या बागेला जाणाऱ्या पाइपलाइनवरून चुलतभावांशी मारामारी झाली. त्यांच्या फिर्यादीवरून याच्या मोठ्या भावावर आणि वडिलांवर भारतीय दंड संहितेच्या ३२६, ३२३, ५०४, ५०६ आणि ३४ कलमांखाली गुन्हा नोंदवला गेला. तो रद्द व्हावा म्हणून भावाने आणि वडिलांनी मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठात क्रिमिनल रिट, म्हणजे फौजदारी याचिका टाकली. परवानगीशिवाय आरोपपत्र दाखल करू नये, असा अंतरिम आदेश मिळाला. यंदा गावातल्या जाणत्या माणसांनी दोन्ही घरं समोरासमोर बसवली, पाइपलाइनचा वाद मिटला आणि ठरलं की "तुम्ही हायकोर्टातली केस मागे घ्या, ते पोलीस स्टेशनची मागे घेतील." आता त्याचे तीन प्रश्न आहेत. मागे घ्यायला भावाला स्वतः जावं लागेल का? कोर्ट दंड लावतं का? आणि उद्या चुलते फिरले, तर तीच रिट परत टाकता येईल का? वकिलांना समेटाचं अजून सांगितलेलं नाही, हेही त्याने शेवटी लिहिलं आहे.

दादा, तुमचे तिन्ही प्रश्न रास्त आहेत, पण खरी अडचण त्यांच्या आधीची आहे. पंचांनी जो सौदा ठरवला त्यात दोन्ही बाजूंनी "केस मागे घेणं" असा एकच शब्द वापरलाय, आणि त्या शब्दाचे अर्थ दोन्हीकडे अगदी वेगळे आहेत. तुमच्या भावाची रिट ही त्याची स्वतःची आहे. ती त्याने मागे घेतली की संपली. चुलत्यांच्या घरची फिर्याद मात्र नोंदवून झाल्यावर त्यांची राहत नाही. दखलपात्र गुन्ह्यात फिर्यादी फक्त खबर देतो, पुढे खटला चालवतं सरकार. पोलीस स्टेशनला जाऊन "आमचं मिटलं, गुन्हा काढून टाका" असा अर्ज त्यांनी दिला तर ठाणे अंमलदार तो घेईल, पोच देईल आणि तपासाच्या कागदात लावून ठेवेल. त्याने गुन्हा रद्द होत नाही. खटला मागे घेण्याची तरतूद कायद्यात आहे, पण तो अधिकार सरकारी वकिलाचा, तोही कोर्टाच्या संमतीने. आणि कोर्टात तडजोड करता येणाऱ्या गुन्ह्यांची जी यादी फौजदारी संहितेत आहे, तिच्यात ३२३, ५०४ आणि ५०६ बसतात, ३२६ बसत नाही. धारदार हत्याराने जबर दुखापत म्हटलं की खालच्या कोर्टात दोन्ही बाजू हात जोडून उभ्या राहिल्या तरी मॅजिस्ट्रेट साहेबांना तडजोड नोंदवता येत नाही.

म्हणजे ठरल्याप्रमाणे तुम्ही आधी रिट काढून घेतली तर काय होईल? अंतरिम आदेश त्याच क्षणी संपेल. तो रिटच्या आधारावर उभा आहे, रिट गेली की त्याला वेगळं अस्तित्व नाही. तपास अधिकारी आरोपपत्र तयार ठेवून बसला असेल तर पुढच्या आठवड्यात ते रावेरच्या कोर्टात जाईल. चुलते मनाने कितीही स्वच्छ असोत, त्यांच्या हातात ते थांबवायला काही उरलेलं नसेल. मग पंच म्हणतील, "साक्षीला येतील तेव्हा फिरतील ना ते." हे मी जळगाव जिल्ह्यात इतक्या वेळा ऐकलंय की त्याबद्दल कळकळीने सांगतो: शपथेवर खोटं बोलण्याच्या भरवशावर कुठलाही समेट बांधू नका. साक्षीदाराला ते करायला लावणं चूक आहेच, शिवाय वैद्यकीय दाखला, पंचनामा, जखमी माणसाचा आधीचा जबाब हे सगळं कागदावर राहतं आणि खटला चार-पाच वर्षं अंगावर राहतो. तेवढ्या काळात भावबंदकी पुन्हा पेटायला एक पाण्याची पाळी पुरते.

तेव्हा माझं उत्तर असं की तुमच्या प्रसंगात रिट मागे घेऊच नका. तिचाच उपयोग करून गुन्हा रद्द करून घ्या. तडजोड न होणाऱ्या गुन्ह्यातही दोन्ही पक्षांचं खरोखर मिटलं असेल तर उच्च न्यायालय आपल्या अंगभूत अधिकारात गुन्हा रद्द करू शकतं, हे सर्वोच्च न्यायालयाने २०१२ मध्ये ग्यान सिंग विरुद्ध पंजाब राज्य या निकालात स्पष्ट केलं. २०१४ च्या नरिंदर सिंग निकालात तर खुनाच्या प्रयत्नाच्या कलमासाठी कसोट्या घालून दिल्या: जखम कुठे आहे, हत्यार काय, कलम नुसतं लावलंय की पुराव्यात दिसतंय, खटला कुठल्या टप्प्यावर आहे. खून, बलात्कार, दरोडा अशा गुन्ह्यांत मिटलं म्हणून सुटका नाही. शेतीच्या वादातून घरातल्या घरात झालेली मारामारी मात्र कोर्ट सहानुभूतीने पाहतं. तरीही हमी देत नाही. डोक्यावर कोयत्याचा वार आणि बोट मोडणं ही दोन्ही ३२६ मध्येच येऊ शकतात, आणि न्यायमूर्ती पहिल्यांदा जखमेचा दाखलाच उघडतात. तुम्ही जखम काय होती ते लिहिलेलं नाही, म्हणून इथे थांबतो.

हे करायचं कसं? तुमच्या वकिलांना उद्याच फोन करून समेटाचं सांगा. चुलतभाऊ रिटमध्ये प्रतिवादी क्रमांक दोन असतील, पहिला प्रतिवादी राज्य शासन. त्यांनी स्वतंत्र वकील द्यायचा, तुमचाच नाही. त्या वकिलामार्फत संमतीचं प्रतिज्ञापत्र दाखल होतं. त्यात काय लिहायचं यावर मी नेहमी अडून बसतो. "फिर्याद खोटी होती" असं कधीही लिहू देऊ नका. एक तर ते बहुधा खरं नसतं, आणि लिहिणारा माणूस खोटी फिर्याद दिल्याच्या कलमात सापडतो. "नातेवाइकांनी मध्यस्थी केली, वाद मिटला, कुणाच्या दडपणाखाली नाही, गुन्हा रद्द करण्यास हरकत नाही" एवढं पुरे. प्रतिवादी फक्त एक फिर्यादी असेल आणि जखमी दोघे-तिघे असतील तर प्रत्येकाचं प्रतिज्ञापत्र लागतं. हे राहून गेलं म्हणून तारीख पडलेली मी अनेकदा पाहिली आहे. मग कोर्ट त्यांना विचारतं. कधी न्यायमूर्ती स्वतः, कधी रजिस्ट्रारकडे ओळख आणि संमती पडताळायला पाठवतात. शेवटी आदेश होतो. तुमच्या चुलत्यांवरही तुमच्या बाजूने उलटी फिर्याद असेल तर तिचीही याचिका सोबत लावून दोन्ही एकाच दिवशी रद्द करून घ्या. एक रद्द आणि एक लटकलेली, असा समेट टिकत नाही.

पण तुम्ही मागे घेण्याबद्दल विचारलंय, आणि खानदेशातून खंडपीठात येणाऱ्या बऱ्याच लोकांना ते कधी ना कधी करावं लागतं. म्हणून तेही सांगतो.

रिट मागे घेणं शहाणपणाचं कधी असतं? सगळ्यात जास्त वेळा हा प्रसंग कोर्टात उभं राहिल्यावरच येतो. वकील दहा मिनिटं बोलतात, न्यायमूर्ती तपासाची कागदपत्रं चाळतात आणि म्हणतात, यात आम्हाला हस्तक्षेप करावासा वाटत नाही. अशा वेळी वकिलाला विचारलं जातं, निकाल घ्यायचाय की मागे घेता? उत्तर तिथल्या तिथे द्यायचं असतं. पक्षकार त्या वेळी यावलला शेतात असतो आणि फोन लागत नाही. निकाल घेतला तर आदेशात "प्रथमदर्शनी गुन्हा दिसतो, साक्षीदारांचे जबाब असे असे आहेत" अशी चार वाक्यं येतात. ही वाक्यं खालच्या कोर्टावर बंधनकारक नसतात, पण दोषमुक्तीच्या अर्जाच्या वेळी, म्हणजे खटला सुरू होण्याआधीच आरोपातून मोकळं करा असं मागताना, सरकारी वकील तीच वाचून दाखवतात. मागे घेतली तर आदेश दोन-तीन ओळींचा होतो, गुणदोषांवर काही लिहिलं जात नाही, आणि दोषमुक्तीचा अर्ज मोकळ्या पाटीवर करता येतो. म्हणून मी तारखेच्या आदल्या दिवशीच पक्षकाराला विचारून ठेवतो: उद्या कोर्ट नाही म्हणालं तर काय करू? वकिलाने मोठी सवलत देताना किंवा प्रकरण सोडताना पक्षकाराची स्पष्ट सूचना घ्यावी, हे सर्वोच्च न्यायालयानेही सांगितलंय. तुम्हीही हा प्रश्न वकिलांना आधी विचारा, आणि त्या दिवशी फोन चालू ठेवा. जुन्या फौजदारी संहितेच्या जागी आलेल्या नव्या नागरिक सुरक्षा संहितेत दोषमुक्तीचा अर्ज करायला ६० दिवसांची मुदत घातली आहे, तेव्हा मागे घेतल्यावर बसून राहू नका.

एकाच रिटमधल्या काही अर्जदारांपुरतीही माघार घेता येते. नवरा, सासू-सासरे, नणंद, तिचा नवरा असे सहा-सात जण ४९८-अ च्या, म्हणजे सुनेच्या छळाच्या गुन्ह्यात असतात. कोर्ट म्हणतं, नवऱ्याविरुद्ध ठोस आरोप आहेत, बाकीच्यांचं पाहू. तेव्हा नवऱ्यापुरती याचिका काढून घेतात आणि उरलेल्यांसाठी नोटीस निघते. हा खंडपीठातला नेहमीचा व्यवहार आहे. आपल्या मुलाला वकिलाने वाऱ्यावर सोडलं असं वाटून घरातली मंडळी रागावतात, पण त्यामुळे म्हातारी माणसं आणि लग्न होऊन नंदुरबारला गेलेली बहीण वाचते.

दुसरा प्रसंग चुकीच्या दाराचा. पोलिसांनी गुन्हाच नोंदवला नाही म्हणून थेट हायकोर्टात रिट टाकणारे आजही येतात. आधी पोलीस अधीक्षकांकडे लेखी अर्ज, मग मॅजिस्ट्रेटकडे प्रतिज्ञापत्रासह अर्ज हा रस्ता असताना हायकोर्टाने अशा रिटमध्ये पडू नये, असं सर्वोच्च न्यायालयाने साकिरी वासू निकालात २००७ मध्येच म्हटलंय. तडीपारीचंही तसंच. महाराष्ट्र पोलीस कायद्याच्या ५६ कलमाखाली हद्दपारीचा आदेश झाला की ६० कलमाप्रमाणे ३० दिवसांत अपील करायचं असतं. एका पक्षकाराने घाबरून अपिलाआधी माझ्याकडून रिट टाकून घेतली. मी तेव्हा नवा होतो, नको म्हणालो नाही. कोर्टाने अपिलाकडे बोट दाखवलं, आम्ही रिट मागे घेतली, आणि तोवर ३० दिवस कधीच उलटून गेले होते. "रिटमध्ये गेलेला काळ अपिलाच्या मुदतीच्या विचारात घ्यावा" एवढी एक ओळ आदेशात मागायला हवी होती, ती मी मागितली नाही. विलंब माफ करून घेण्यात त्या माणसाचे दोन महिने जिल्ह्याबाहेर गेले. बायको-मुलं चाळीसगावला आणि तो मालेगावला खोली घेऊन. तेव्हापासून माघारीचा अर्ज करताना त्या आदेशात कुठली वाक्यं हवीत ते मी आधी कागदावर लिहून नेतो.

आता तुमचा तिसरा प्रश्न इथे येतो. परत टाकता येते का? हे सगळं त्या दोन-तीन ओळींच्या आदेशात काय लिहिलंय यावर आहे. दिवाणी संहितेच्या आदेश २३ मध्ये असं आहे की परवानगी न घेता दावा सोडला तर त्याच कारणासाठी नवा दावा करता येत नाही. ती संहिता रिटला जशीच्या तशी लागू नाही. पण सरगुजा ट्रान्सपोर्टच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं की त्यामागचं तत्त्व रिटलाही लावावं, नाहीतर लोक एका खंडपीठाचा कल पाहून माघार घेतील आणि दुसऱ्यापुढे नव्याने येतील. त्याच निकालात असंही म्हटलंय की व्यक्तिस्वातंत्र्याची, म्हणजे हेबियस कॉर्पस (डांबलेल्या माणसाला कोर्टापुढे आणा, अशी रिट) किंवा घटनेच्या कलम २१ ची रिट वेगळ्या पायावर असते, आणि तिच्याबाबतचा प्रश्न न्यायालयाने खुला ठेवला. त्यामुळे फौजदारी रिटमध्ये दार पूर्ण बंद झालं असं कुणी म्हणू शकत नाही, पण त्या खुल्या प्रश्नावर विसंबून राहणं म्हणजे दुसऱ्या रिटची पहिली तारीख "ही चालते की नाही" या वादातच घालवणं. गुन्हा रद्द करण्याच्या दुसऱ्या अर्जाबद्दल तर २०२३ मध्ये भीषम लाल वर्मा निकालात स्पष्ट सांगितलंय: पहिल्या वेळी हाताशी असलेले मुद्दे मागे ठेवून पुन्हा पुन्हा येता येणार नाही. परिस्थिती खरोखर बदलली असेल, उदाहरणार्थ आरोपपत्रात फिर्यादीपेक्षा वेगळंच चित्र आलं असेल, किंवा माघारीनंतर समेट झाला असेल, तर नवा अर्ज चालू शकतो.

म्हणून मागे घेताना "मुभा" मागायची. नुसतं "याचिका मागे घेतल्यामुळे निकाली" आणि "आरोपपत्रानंतर योग्य त्या कोर्टात दाद मागण्याची मुभा ठेवून मागे घेतल्यामुळे निकाली" यांत खूप अंतर आहे. मुभा कशाची, तेही नेमकं हवं: दोषमुक्तीच्या अर्जाची, अपिलाची, की याच कारणासाठी नव्या रिटची. कोर्ट पहिल्या दोन सहज देतं. तिसरीसाठी कारण द्यावं लागतं, आणि पूर्ण युक्तिवाद ऐकून झाल्यावर ती बहुधा मिळत नाही. अंतरिम संरक्षण असेल तर त्याच वेळी "पुढील चार आठवडे चालू ठेवावं, म्हणजे सत्र न्यायालयात अटकपूर्व जामिनाला जाता येईल" अशी विनंती करायची. देतीलच असं नाही. २०२१ च्या नीहारिका निकालानंतर कोर्टं असं संरक्षण जपून देतात. आणि हो, आता कागदावर ४८२ दिसलं की गोंधळू नका. जुन्या संहितेत ४८२ म्हणजे हायकोर्टाचे अंगभूत अधिकार, १ जुलै २०२४ पासूनच्या नव्या संहितेत ४८२ म्हणजे अटकपूर्व जामीन, आणि अंगभूत अधिकार ५२८ ला गेले.

आदेश हायकोर्टाच्या संकेतस्थळावर चढला की तो स्वतः वाचा, इंग्रजी येत नसेल तर कुणाकडून वाचून घ्या. कोर्टात मुभा मिळाली पण टंकलेखनात राहून गेली, असं घडतं. फौजदारी कोर्टाला सही झालेला आदेश बदलता येत नाही, फक्त लेखनातली चूक दुरुस्त करता येते. त्यासाठी मुंबई उच्च न्यायालयात "स्पीकिंग टू द मिनिट्स" म्हणून लगेच प्रकरण लावून घेता येतं. दोन आठवड्यांत केलं तर न्यायमूर्तींना तो दिवस आठवतो. वर्षभराने गेलात तर कुणालाच आठवत नाही.

पहिल्या दोन प्रश्नांची उत्तरं छोटी आहेत. साध्या माघारीसाठी भावाने हजर राहण्याची सहसा गरज नसते. वकीलपत्र आणि भावाची लेखी सूचना असली की वकील प्रेसिपी, म्हणजे विनंतीची चिठ्ठी देऊन प्रकरण बोर्डावर (त्या दिवशीच्या यादीवर) घेतात आणि तोंडी किंवा पुरसिस, म्हणजे लेखी निवेदन देऊन मागे घेतात. भाऊ तुरुंगात असता तर तुरुंगाधिकाऱ्यांमार्फत सही लागली असती. दंडाचं म्हणाल तर सुरुवातीलाच माघार घेणाऱ्याला कोर्ट बहुधा काही लावत नाही. माहिती दडवली असेल, आधीची रिट लपवली असेल किंवा तासभर ऐकल्यावर माघार मागितली असेल तर लावू शकतं. संमतीने गुन्हा रद्द करतानाही काही वेळा पोलीस यंत्रणेचा वेळ गेला म्हणून रक्कम भरायला सांगतात. ती किती, हे त्या त्या खंडपीठावर आणि पक्षकाराच्या ऐपतीवर असतं. आणि माघार हा प्रत्येक वेळी हक्कही नसतो. बेपत्ता मुलीसाठी बापाने हेबियस कॉर्पस टाकली आणि मग घाबरून मागे घेतो म्हणाला, तर कोर्ट मुलगी समोर आल्याशिवाय सोडत नाही, आणि ते बरोबरच आहे.

तर तुमच्यासाठी क्रम असा राहील. रिट आहे तशी ठेवा. पंचांना समजावून सांगा की "मागे घेणं" नको, "संमतीने रद्द करणं" हवं, त्याने त्यांचा शब्दही राहतो. चुलत्यांना वाटेल की तुम्ही टाळताय. तेव्हा त्यांच्या वकिलाकडे त्यांना स्वतः नेऊन हेच त्याच्या तोंडून ऐकवा. अंतरिम आदेश असला तरी आरोपपत्र आधीच दाखल झालंय का, हे रावेर कोर्टात पाहून घ्या. झालं असेल तर वकिलांना रिटमध्ये दुरुस्ती करून आरोपपत्र आणि खटलाही रद्द करण्याची विनंती घालावी लागेल. आरोपपत्रानंतरही हायकोर्टाचा अधिकार संपत नाही. चुलत्यांना वकिलाची ऐपत नसेल, तर स्त्रिया आणि अनुसूचित जाती-जमातीच्या लोकांना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो, बाकी बहुतेकांना उत्पन्नाच्या मर्यादेत. त्यासाठी खंडपीठाच्या आवारात विधी सेवा उपसमितीचं कार्यालय आहे.

हजेरीच्या दिवशी दोन्ही घरची माणसं आधार कार्डाची मूळ प्रत घेऊन या. रावेरहून पहाटेच निघा. रेल्वेने मनमाडचा वळसा पडतो, आणि अजिंठ्याच्या घाटात एखादा ट्रक अडकला की साडेदहाचं कोर्ट हुकतं. शक्य असेल तर आदल्या रात्री मुक्कामाला या. कोर्टाने परवानगी दिली तर म्हातारे वडील व्हिडिओवरून हजर राहू शकतात, पण चुलतभाऊ, म्हणजे फिर्यादी आणि जखमी, यांनी मात्र प्रत्यक्ष यावं. न्यायमूर्तींना त्यांच्याच तोंडून ऐकायचं असतं.